काकांची ‘टप्पाशास्त्रा’ची वही : असं काही शास्त्र खरंच असतं का?

वेबिल_वारस, सांगली

नमस्कार मंडळी. प्रश्न जरा विचित्र आहे, हसलात तरी चालेल पण पूर्ण वाचून हसा.

माझे मोठे काका एसटीत कंडक्टर होते. पंचवीसेक वर्षं नोकरी, बहुतेक सगळी सातारा-कऱ्हाड-सांगली आणि मधी मधी पाटण-कोयनानगर. गेल्या वर्षी गेले. दिवाळीच्या आधी माळा काढताना त्यांची पत्र्याची पेटी निघाली, आत तिकिटाचा ट्रे, पंच, एक शिट्टी आणि चार जाड वह्या. मला वाटलं हिशोब असणार, काकांना प्रत्येक रुपायाचा हिशोब लिहायची सवय होती. उघडून बघतोय तर पहिल्या पानावर लाल शाईनं ‘गोष्टींचे टप्पाशास्त्र’ आणि खाली सही.

म्हणजे काय तर गाडीत लोकं ज्या गोष्टी सांगायची त्या सगळ्या काकांनी लिहून ठेवल्यात, आणि नुसत्या गोष्टी नाहीत, वेबिलासारखे (कंडक्टरचा तिकिटांच्या हिशोबाचा कागद) रकाने पाडलेत. तारीख, गाडी कुठली, सांगणारा कुठं चढला, कुठं उतरला, गोष्ट किती टप्प्यांची. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, एसटीचं भाडं ६ किलोमीटरच्या टप्प्यावर लागतं, तर काका गोष्टपण टप्प्यातच मोजायचे. ‘तीन टप्प्यांची, चौथ्यात ओढली’ असं लिहिलंय एका ठिकाणी. शेवटी एक बारका रकाना आहे त्यात फक्त ‘उ’ नाहीतर ‘ब’. मी धरून चाललोय की उत्तम आणि बरी, काकांनी मार्क दिले असतील. पण ‘उ’वाल्या गोष्टी काही उत्तम नाहीत ओ, उलट तुटक तुटक आहेत, ‘ब’वाल्याच वाचायला मजा येते. असो.

मधी मधी नियम लिहिलेत. उदा. गोष्ट सांगणाऱ्याच्या उतरायच्या स्टॉपपर्यंत पुरते, आधी संपत नाही. रेल्वे फाटक पडलं की गोष्टीत एक माणूस वाढतो. पहाटेच्या पहिल्या गाडीत आजारपणाच्या गोष्टी, दुपारच्या गाडीत कोर्टकचेरीच्या, शेवटच्या गाडीत भुताच्या, आणि तीच गोष्ट गाडी बदलली की जातपण बदलते, म्हणजे सकाळी जो माणूस ऑपरेशनला गेला होता तोच रात्रीच्या गाडीत झपाटलेला असतो.

एक गोष्ट काकांनी चौदा वेळा लिहिलीय. कंदिलाची. मूळ अशी की पावसाळ्यात कुंभार्ली घाटात शेवटची गाडी चाललीय, वळणावर एक म्हातारा कंदील हलवत उभा, ड्रायव्हर गाडी थांबवतो, खाली उतरून बघतो तर म्हातारा नाही आणि दहा पावलांवर दरड कोसळलेली. आता बघा. कोयनानगरला चढलेल्या माणसाच्या गोष्टीत म्हातारा म्हणजे धरणाच्या कामावर गेलेला मजूर. पाटणच्या बाईच्या गोष्टीत गुराखी. कऱ्हाडात त्याच्या गळ्यात माळ आली, वारकरी झाला. वाळव्याकडच्या एकानं तर त्याला पत्री सरकारातला माणूस करून टाकला आणि दरडीच्या जागी पोलिसांनी रस्ता अडवलेला. सांगलीत आल्यावर घाटच गायब, आयर्विन पुलाच्या तोंडाशी नावाडी उभा आणि पुढं पाणी. सगळ्यात भारी जतकडचा माणूस, त्याच्या गोष्टीत दरड पण नाही पूर पण नाही, म्हातारा गाडी थांबवून सांगतो की अमक्याच्या विहिरीला पाणी लागलं!

तर प्रश्न दोन. एक, गोष्टीवर वेळेचा आणि जागेचा काय परिणाम होतो याचं असं शास्त्र कुठं आहे का, का हा काकांचा ड्युटीवरचा टाइमपास? दोन, या सगळ्या चौदा गोष्टींत म्हातारा बदलला, घाट बदलला, पण जिथं जिथं हात लिहिलाय तिथं कंदील बहुतेक डाव्याच हातात. काकांनी त्याखाली दोनदा रेघ मारलीय आणि पुढं काही नाही. का डावा? तीन रात्री झाल्या डोक्यात तेच चाललंय.

गेज_४५, सांगली

वाईट वाटून घेऊ नका पण याला शास्त्र म्हणत नाहीत. शास्त्र म्हणजे दुसऱ्यानं मोजलं तरी तेच यायला पाहिजे. मी पाटबंधारेत होतो, नदीची पातळी वाचणं हे काम. आयर्विन पूल १९२९ सालचा, त्याला इशारा पातळी ४० फूट, धोका पातळी ४५ फूट. २०१९ च्या ऑगस्टमध्ये पाणी ५७ फुटांच्या वर गेलं. हे मी वाचलं काय, कलेक्टरनी वाचलं काय, गणपती पेठेतल्या हमालानं वाचलं काय, तेवढंच. त्याला टप्पा नाही, फाटक नाही, ‘उ’ नाही ‘ब’ नाही.

लोकांच्या गोष्टी ऐकल्या तर प्रत्येक गल्लीत पाणी आपल्याच गल्लीत सगळ्यात जास्त चढलं होतं. गोष्ट म्हणून छान, मोजमाप म्हणून शून्य. काकांना छंद होता, चांगला छंद होता, वही जपून ठेवा. डाव्या हाताचं म्हणाल तर योगायोग.

निवृत्त_मास्तर, सातारा

गेजसाहेबांशी निम्मा सहमत. पण ‘काकांचा टाइमपास’ म्हणून वही परत पेटीत टाकू नका, कारण काकांनी चालत्या गाडीत जे केलं ते मोठमोठ्या लोकांनी खुर्चीत बसून केलंय.

केंब्रिजला फ्रेडरिक बार्टलेट म्हणून मानसशास्त्रज्ञ होते. १९३२ साली त्यांनी आपले आठवणीवरचे प्रयोग छापले. त्यात उत्तर अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांची एक लोककथा त्यांनी इंग्रज लोकांना वाचायला दिली आणि मग ती आठवून लिहायला सांगितली, आधी पंधरा मिनिटांनी, मग काही दिवसांनी, काही महिन्यांनी. गोष्टीत कॅनू होती तिची साधी बोट झाली. सील मारायला गेलेले दोन तरुण मासे धरायला गेले. गोष्टीतल्या भुतांचा अर्थच त्यांना लागेना, मग बऱ्याच जणांनी भुतं गाळून टाकली नाहीतर त्यांना काहीतरी पटण्यासारखं कारण चिकटवलं. यात कोणी मुद्दाम थाप मारत नव्हतं हे लक्षात घ्या, प्रत्येकाला वाटत होतं आपण वाचलं तेच लिहितोय. तुमचा जतचा माणूससुद्धा थाप मारत नव्हता. जिथं दरड म्हणजे काय हे कोणी डोळ्यानं बघितलेलं नाही तिथं ती गोष्टीत टिकणार कशी?

दुसरे स्वीडनचे फॉन सिडो. त्यांनी वनस्पतीशास्त्रातली कल्पना लोककथेत आणली. एकच झाड वेगळ्या मातीत, वेगळ्या हवेत पिढ्यानपिढ्या वाढलं की त्याचा तिथला असा एक वाण होतो, तसा गोष्टीचाही त्या त्या मुलखाचा वाण होतो. त्याला ते ऑइकोटाइप म्हणायचे.

आणि तिसरे रशियाचे मिखाईल बाख्तिन, १९३० च्या दशकातले. त्यांनी शब्द वापरला क्रोनोटोप, ग्रीकमध्ये क्रोनोस म्हणजे काळ आणि टोपोस म्हणजे जागा. गोष्टीत काळ आणि जागा वेगवेगळे सोडवताच येत नाहीत, एकाच गाठीत असतात, असं त्यांचं म्हणणं. आणि ही कल्पना त्यांनी आइन्स्टाइनच्या सापेक्षतावादाकडं बघून उसनी घेतली होती, तसं त्यांनी स्वतःच सांगून टाकलंय. त्यांनी ‘रस्ता’ या जागेवर फार जोर दिला, कारण एरवी एकमेकांच्या ओट्यावर बसणार नाहीत अशी माणसं रस्त्यावर एकत्र येतात. आता मला सांगा, तीन सीटच्या बाकड्यावर वकील, तंबाखूची चंची घेतलेला म्हातारा आणि नर्सबाई बसलेल्या, यापेक्षा चांगलं उदाहरण बाख्तिनना तरी कुठं मिळालं असतं.

आपल्याकडं तर हे बायकांना आधीपासून ठाऊक होतं. कहाणी सुरू होते ‘आटपाट नगर होतं’ अशी. हे आटपाट नगर कुठल्या तालुक्यात येतं कोणी विचारत नाही. जागा मुद्दाम सैल ठेवलीय, जिथं सांगाल तिथं बसते. पण सांगायची वेळ मात्र अजिबात सैल नाही! सोमवारची सोमवारी, शुक्रवारची शुक्रवारी, तीही श्रावणात. माझी आजी दिवसाढवळ्या गोष्ट सांगायची नाही, म्हणायची मामा वाट चुकतो. लहानपणी मी खरंच मामाच्या काळजीनं गप्प बसायचो. आता वाटतं, दिवसा गोष्टी सांगत बसली असती तर दळण कोणी टिपलं असतं?

तासगावची_बाग

सर ते वाणाचं लई पटलं. आमच्या द्राक्षात बघा, आधी रानात डॉगरीजचं जंगली रोप लावायचं, ते जोरात आलं की त्याच्यावर कलम भरायचं. खाली खुंट एकाचा वर काडी दुसऱ्याची. खुंट दुष्काळ, खारं पाणी सगळं सोसतो पण त्याचं द्राक्ष कोणी खात नाही, खायचं ते काडीचं. गोष्टीचं तसंच, काडी कुठनं तरी बाहेरनं येते, खुंट गावाचा. आता तुम्ही म्हणाल डॉगरीज कुठला गावचा, तो टेक्सासचा, आणि हे खरंय 😀 पण तीस वर्षं रानात असल्यावर तो आमचाच की.

आणि तास-ए-गणेश हा वाण विसरू नका. थॉमसन द्राक्षाच्या बागेत एक वेल जरा वेगळा निघाला, तासगाव तालुक्यातच, लोकांनी तो धरला आणि वाढवला. मणी लांब झाले, नाव बदललं, देवाचं नाव लागलं. म्हणजे तुमच्या कंदिलवाल्याच्या गळ्यात कऱ्हाडला माळ आली तसंच.

पंचांगवाला, कऱ्हाड

काकांच्या वहीत कोयनेच्या भूकंपाच्या गोष्टी असतीलच, असल्या तर त्यात रात्र कशी लिहिलीय तेवढं बघून सांगता का? माझा एक जुना वाद आहे.

वेबिल_वारस, सांगली

आहेत की. एकोणीस नोंदी मोजल्या आता. पाटणकडची माणसं आवाजापासनं सुरू करतात, जमिनीखालनं मालट्रक गेल्यासारखा. कऱ्हाडची फळीवरची भांडी पडली तिथनं. सांगलीची बरीचशी ‘मी झोपेतच होतो, आईनं ओढून बाहेर काढलं’ अशी. रात्रीबद्दल एकोणीसपैकी अकरा जण म्हणतात अमावस्येची रात्र होती, काळोख असा की माणसाला माणूस दिसत नव्हतं.

पंचांगवाला, कऱ्हाड

हाच तो वाद! धन्यवाद. आता ऐका.

भूकंप ११ डिसेंबर १९६७, सोमवार, पहाटे चार वाजून वीस मिनिटांच्या आसपास. कोयनानगर उद्ध्वस्त झालं, दीडशेहून जास्त माणसं गेली. आता त्या महिन्याची अमावस्या होती १ डिसेंबरला. म्हणजे भूकंपाला मार्गशीर्ष शुद्ध पक्ष चालू होता, अर्ध्याहून मोठा चंद्र होता. आमच्या घरात मोठे चुलते छातीठोक सांगायचे अमावस्या होती, आणि मी पंचांग दाखवलं की चिडायचे, म्हणायचे मी डोळ्यानं बघितलंय काळोख, तू पुस्तक दाखवतोस मला?

बरीच वर्षं मी म्हणत होतो चुलते चुकले. मग एकदा नीट हिशोब केला तर नऊ दिवसांचा चंद्र मध्यरात्रीनंतर दीड-दोनच्या सुमाराला मावळतो. चारला आकाशात चंद्र नव्हताच! म्हणजे काळोख शंभर टक्के खरा आणि अमावस्या शंभर टक्के खोटी. माणसांना जे दिसलं ते बरोबर आठवलं, फक्त त्याला कारण लावताना जे सगळ्यात जवळचं होतं ते लावलं, कारण ‘चंद्र मावळून अडीच तास झाले होते’ असं कोणी गोष्टीत म्हणतं का? वाईट घडलं, रात्री घडलं, काळोखात घडलं, झाली अमावस्या.

हे मला कळलं तेव्हा चुलते नव्हते. सांगायचं राहून गेलं.

कुंडलकर

पत्री सरकारचा विषय निघालाच आहे म्हणून लिहितो. मूळ शब्द प्रतिसरकार, १९४२ नंतर क्रांतिसिंह नाना पाटलांच्या नेतृत्वाखाली चार वर्षं इथं ब्रिटिशांचं राज्य नावालाच उरलं होतं. ‘प्रति’चं ‘पत्री’ झालं ते नुसतं जिभेवर वळलं म्हणून नाही, फितुरांच्या तळपायाला शिक्षा व्हायची ना, आणि बैलाच्या, घोड्याच्या पायाला पत्री ठोकतात हे शेतकऱ्याच्या रोज डोळ्यापुढं. म्हणजे शब्दाला इथल्या गोठ्यात अर्थ सापडला. पुण्यामुंबईच्या भाषणात प्रतिसरकार म्हणतील, आमच्या कट्ट्यावर पत्रीच.

अजून एक. लोक म्हणतात ‘सातारचं प्रतिसरकार’, आणि आमची पोरं विचारतात प्रतिसरकारचं ठाणं कुंडल तर सांगली जिल्ह्यात मग सातारचं कसं? तेव्हा सगळा एकच सातारा जिल्हा. १९४९ ला तोडून दक्षिण सातारा केला आणि १९६० ला त्याचं नाव सांगली ठेवलं. गोष्ट तिथंच बसलीय, जिल्हा तिच्या खालनं सरकला. शेणोलीला १९४३ साली पगाराची रेल्वे लुटली ती जागा अजून सातारा जिल्ह्यात, लुटणारी माणसं आमच्याकडची. आता ती गोष्ट कुठल्या जिल्ह्याची? आणि शेणोलीपासनं जितकं लांब जाल तितकी लुटीची रक्कम वाढत जाते, हे मी स्वतः ऐकलंय. काकांनी यावर नियम लिहिलाय का बघा.

माणदेशी_मेंढका

सगळं ठीक आहे पण टप्पा हे एकक काही सगळीकडं चालणार नाही बरं का. एसटी थांबते म्हणून गोष्ट थांबते. आमच्या धनगरांत सुंबरान, म्हणजे देवाच्या ओव्या आणि कथा, मांडलं की रात्र सरेपर्यंत. आरेवाडीच्या बिरोबाला या एकदा. आधी ओवी गायची मग तेच बोलून सांगायचं, परत ओवी, परत बोलणं, ढोल चालूच. ज्याला गाण्यात कळलं नाही त्याला बोलण्यात कळतं, आणि जो बोलण्यात पेंगला तो ढोलानं उठतो. तिथं गोष्ट कधी संपवायची हे उजाडण्यावर. पौषात रात्र मोठी तर गोष्ट मोठी.

आणि जागेचं म्हणाल तर आमच्या गोष्टीत देव स्वतःच मेंढरं घेऊन फिरतो, एका जागी बसलेला देव आम्हाला पटतच नाही. पावसाला कमी म्हणून निम्मं वर्ष जी माणसं बाहेर, त्यांचा देव घरी बसून काय करणार.

उभ्याचा_पास, कऱ्हाड

मी सहसा लिहीत नाही, वाचून सोडून देते, पण डाव्या हाताचं वाचलं आणि राहवेना.

आधी आमच्या आजीचं सांगते, मग हाताकडं येते. आजीला जात्यावरच्या ओव्या शेकड्यानं यायच्या असं सगळे सांगायचे. महाराष्ट्रात गावोगावी फिरून बायकांच्या अशा एक लाखाच्या वर ओव्या गोळा झाल्यात, ते वाचून मला वाटलं आपणही आजीच्या लिहून घेऊ. फोनवर रेकॉर्डिंग लावलं, आजीला खुर्चीत बसवलं, म्हटलं म्हण. एक आठवली, दुसरी अर्धी, मग नुसतीच माझ्याकडं बघत बसली. मला वाटलं वय झालं. मग माझ्या आईनं तिला खाली फरशीवर बसवलं, पाय पसरून, आणि समोर पालथी परात ठेवली, म्हटली आत्ती ओढा. आजीनं परातीवर हात ठेवून गोल फिरवायला सुरुवात केली आणि दोन फेऱ्यांत ओवी आली. मग थांबेचना. पहिली ओळ हात पुढं जाताना आणि शेवटचा शब्द हात छातीशी येताना, बरोबर. त्या ओव्या आजीच्या डोक्यात नव्हत्याच, खांद्यात होत्या. गावात गिरणी आली तेव्हा खांद्याचं काम गेलं आणि ओव्या पण गेल्या, कोणी विसरायचं ठरवलं नव्हतं.

आता कंदील. मी अकरा वर्षं कऱ्हाड-सातारा रोज करतेय आणि त्यातली निम्मी तरी उभ्यानं. गाडीत उभं राहिलं की उजवा हात वरच्या दांडीला, तो सोडायचा नाही, सोडला तर माणूस पुढच्याच्या मांडीत. मग बोलताना जे काही दाखवायचं, एवढा मोठा, इतका उंच, असा हलवत होता, ते सगळं डाव्या हातानं. मी स्वतः तशीच दाखवते. ऐकणाऱ्याला तो हात दिसतो, आणि त्यानं पुढच्या गाडीत सांगताना कंदील डाव्याच हातात असणार की.

दादा, तो ‘उ’ आणि ‘ब’ उत्तम आणि बरी नसणार. उभा आणि बसलेला असेल. बघा बरं.

वेबिल_वारस, सांगली

ताई, हात जोडले.

रात्री साडेअकराला वही काढून बसलो, बायको म्हणाली परत सुरू झालं. कंदिलाच्या चौदा नोंदी, त्यातल्या नऊमध्ये हात लिहिलाय. ‘उ’वाल्या सहा, सहाच्या सहा डाव्या. ‘ब’वाल्या तीन, त्यात दोन उजव्या. पुढं कोयनानगरच्या मुक्कामी गाडीच्या एका पानावर स्पष्टच सापडलं, काकांनी पूर्ण शब्द लिहिलाय, ‘सांगणारा बसलेला, शाळेच्या व्हरांड्यात, घाई नाही’. आणि ‘उ’च्या गोष्टी तुटक का तेही कळलं, उभ्या माणसाला दर स्टॉपला बाजूला सरकावं लागतं, सांगणार कधी? आणि मी शहाणा, मार्क समजत होतो.

गेज_४५, सांगली

तिसऱ्या ‘ब’चं काय? तो बसून डावा कसा?

वेबिल_वारस, सांगली

साहेब ते पण बघितलं. त्या नोंदीत तो कुठं बसला होता ते नाही लिहिलेलं. उजवीकडं खिडकी असेल, मांडीवर पोर असेल, काहीही.

गेज_४५, सांगली

‘काहीही असेल’ म्हटलं की शास्त्र संपलं. नऊ नोंदींवर काही सिद्ध होत नाही, आणि हात न लिहिलेल्या पाच आहेत त्या कुठं धरायच्या? असो. तरी रकाना पाडला होता हे मानतो. ज्या माणसानं कारण कळायच्या आधी रकाना पाडला त्याला नुसता छंद म्हणता येणार नाही, तेवढं मी मागं घेतो.

आणि आता खरं सांगतो, २०१९ चा पूर माझ्या नातवाला सांगताना मी ५७ फूट म्हणत नाही. आपल्या जिन्याची नववी पायरी म्हणतो. २००५ ला सहावी होती. तो प्रत्येक वेळी जाऊन नवव्या पायरीवर बसतो आणि खाली बघतो. फूट सांगितले असते तर गेला नसता. हरिपुरात आमचे एक व्याही आहेत, त्यांच्याकडं पूर मोजायचा तो हळदीच्या पेवांवरनं (हळद साठवायचे जमिनीतले खड्डे), किती पेवात पाणी शिरलं. २००५ नंतर बरीच पेवं गेली, आता त्यांची नवी पिढी पण फुटात सांगायला लागलीय.

निवृत्त_मास्तर, सातारा

गेजसाहेब, नववी पायरी पण मोजमापच आहे. फक्त पट्टी घरातली.

वारस, एक सुचवू का? काकांचे ड्रायव्हर कोणी असतील तर त्यांना गाठा. वहीत प्रवाशांच्याच गोष्टी दिसतायत. पुढं केबिनमध्ये बसलेल्यानं काय ऐकलं ते राहिलं.

वेबिल_वारस, सांगली

उशीर झाला, सॉरी. मधी सोसायटीची मीटिंग, मुलीची परीक्षा सगळं एकदम आलं. काल रविवारी जाऊन आलो.

काकांबरोबर नऊ वर्षं गाडीवर असलेले ड्रायव्हर पलूसकडं राहतात. वय झालंय, ऐकायला जरा कमी येतं, बाकी खणखणीत. अंगणात प्लास्टिकच्या खुर्चीत बसले होते. काकांच्या वहीचं सांगितलं तर हसले, म्हणाले, तो लिहितोय हे मला ठाऊक होतं, आरशात दिसायचं, मी म्हणायचो तिकिटं फाड आधी. मी मुद्दाम हाताचं काही बोललो नाही. नुसतं म्हटलं ती कुंभार्लीतली कंदिलाची गोष्ट तुमच्याच गाडीची का? म्हणाले छे छे, मी चिपळूणच्या एका ड्रायव्हरकडनं ऐकली, मुक्कामाला होता आमच्याबरोबर. सांगा म्हटलं.

चहाचा कप खाली ठेवला, खुर्चीत पुढं सरकून बसले, आणि दोन्ही हात समोर असे धरले, एक जरा वर एक जरा खाली. पाऊस असा की वायपर नावालाच, म्हणाले. वळणाला हात थोडे फिरवले, पाय पण दाबला जमिनीवर, मी बघितलं. मग म्हणाले, आणि समोर कंदील. जांभळीच्या फांदीला टांगलेला. वाऱ्यानं हलतोय.

मी विचारलं, आणि म्हातारा?

म्हणाले, म्हातारा कुठला? फांदीला होता की.